कोऱ्या पाण्याची बरणी

२ ऑगस्ट

दवाखान्यातल्या बाईंनी रोज रक्तदाब मोजून वहीत लिहायला सांगितलं आहे. नुसता आकडा लिहून त्यांना काय कळणार? दाब कशाने वाढला तेही लिहिलं पाहिजे. आज पाइपाने वाढला.

आमच्या खाडीच्या वर ते विश्रामगृह आहे. गरम झऱ्याचे हौद असल्याने थंडीतही पाहुणे येतात. वसंतात त्यांनी कपडे धुण्याची मोठी यंत्रं आणली आणि सांडपाण्याचा पाइप दगडांमधून सरळ तळ्यात सोडला. आमच्या या इस्सिक-कुल तळ्याचं पाणी माझ्या बापाच्या काळी एवढं नितळ होतं की होडीची सावली तळाला दिसायची. आता पाइपाजवळ कोमट, दुधासारखं पाणी येतं आणि जाळं काढलं की त्याला केसांसारखी लव चिकटलेली असते. ओली असताना करडी दिसते. वाळली की उडते.

व्यवस्थापक तेमिरलानकडे गेलो. चाळिशीचा माणूस, दात पांढरे, हातात दोन फोन.

"आबा, आम्ही पाणी गाळूनच सोडतो. बसा, चहा घ्या."

"गाळलेल्या पाण्याला वास कसला येतो मग?"

"स्वच्छतेचा!" म्हणाला आणि स्वतःच हसला.

चहा घेतला नाही. घरी येईपर्यंत कानशिलं ठणकत होती. गावप्रमुख जुमाकादिर म्हणतो, "आबा, जिल्ह्याची समिती येणार आहे, पण तिला कागद लागतो. तुमच्या जाळ्यावरची लव म्हणजे कागद नव्हे." मी तक्रार लिहून दिली आणि सही केली. आता झोप येत नाही. सही नीट आली होती का?

९ ऑगस्ट

बिश्केकच्या संस्थेतून मुलगी आली. बेगिमाय नाव. जुमाकादिरने माझी तक्रार तिथे पाठवली होती म्हणे. पाण्यातले प्लास्टिकचे कण आणि धागे शोधणं हेच तिचं काम. डोळ्यांना न दिसणारेसुद्धा. तिला होडी हवी होती. गावात बुडत नाही अशी होडी माझीच.

अंगात रस्त्यावरच्या मजुरासारखा भडक नारिंगी सुती डगला. विचारलं तर म्हणाली, "माझाच धागा नमुन्यात पडला तर ओळखता यावा, म्हणून. तळ्यात नारिंगी कोण घालतंय?" मग माझ्याकडे वळली. "आबा, हे जाकीट काढावं लागेल."

"का? स्वच्छ आहे. म्हातारीने परवाच धुतलंय."

"धुतल्यानेच त्याचे धागे सुटतात. आतून लोकर दिसते, पण प्लास्टिक आहे ते."

माझं जाकीट प्लास्टिक! मुलाने मॉस्कोहून पाठवलेलं. सकाळच्या वाऱ्यात बापाचा जुना सुती चपान, तो लांब अंगरखा, घालून गेलो आणि दिवसभर आपल्याला न्यूमोनिया होणार याचा विचार करत राहिलो.

तिच्या जाळ्याला दोन्ही बाजूंना पत्र्याचे पंख आहेत. ते होडीच्या मागे नाही, बाजूला धरून ओढायचं, कारण मागचं पाणी होडीनेच घुसळलेलं असतं. हळूहळू, एका लयीत. मी घाबरून जोरात नेली की ओरडायची. मग जाळं बाहेरच्या अंगाने धुवायचं, म्हणजे आतलं सगळं शेपटीच्या पिशवीत जमतं. आतून धुतलं तर तळ्याचं पाणी आपणच त्यात घातलं असं होतं. बारीक धागे जाळ्यातून निसटतात म्हणून काचेच्या बरण्याही भरल्या. पाइपाच्या तोंडाशी, खाडीच्या मध्यावर आणि पलीकडच्या टोकाशी, जिथे कोणी राहत नाही.

शिवाय एक बरणी होती तिच्यात काहीच नव्हतं. गाळून गाळून स्वच्छ केलेलं पाणी, आणि ती होडीत उघडी ठेवलेली. "हे कोरं पाणी, आबा. आपल्या हातांनी, कपड्यांनी, हवेने किती घाण केली ते ही बरणी सांगते."

काहीच नसलेली बरणी एवढ्या जपून आणतात, हे मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं.

१० ऑगस्ट

काल संध्याकाळी तिने आमच्या पडवीत मांडामांड केली. पितळी चाळण्या एकात एक बसणाऱ्या, बारीक जाळीच्या. खाडीचा आणि टोकाचा नमुना चाळून झाला. पाइपाचा राहिला. चाळण्या धुऊन त्यांच्यावर चकचकीत ॲल्युमिनियमचा कागद घातला, कोऱ्या पाण्याची दुसरी एक बरणी मात्र टेबलावर उघडीच ठेवली आणि गावच्या शाळेतल्या शिक्षिकाबाईंकडे झोपायला गेली. जाताना म्हणाली, "ती अशीच राहू द्या."

सकाळी उठलो तर बातमाने, माझ्या बायकोने, सगळं नीट केलेलं. तो चुरगळलेला कागद काढून चाळण्यांवर आणि बरणीवर आपला चांगला निळा रुमाल पसरला होता. ईदेला डोक्याला बांधते तो.

"पाहुणीची भांडी चॉकलेटच्या कागदाखाली ठेवायची? लोक काय म्हणतील?" ती म्हणाली. "आणि ते पाणी तर सताड उघडं. रात्रभर उघड्या पाण्यात सैतान तोंड घालतो. शहरातल्या पोरींना कोणी शिकवत नाही."

शाब्बास म्हटलं. मुलगी यायच्या आत रुमाल काढून, झटकून, कागद होता तसा लावून ठेवला. तिला काही बोललो नाही. पाहुणीला तिचा विसरभोळेपणा दाखवून लाजवायचं कशाला? बातमालाही सांगितलं, बोलू नकोस.

बेगिमायने पाइपाचा नमुना चाळला, बरण्या बांधल्या, तळलेले बोरसोक आणि जर्दाळूचा मुरंबा खाऊन गेली. चांगल्या घरातली आहे. मला न्यूमोनिया झालेला नाही, पण छातीत काहीतरी आहे.

२४ ऑगस्ट

काही कळवलं नाही. बरण्या वाटेत फुटल्या असतील. किंवा तेमिरलानने कोणालातरी फोन केला असेल. त्याच्याकडे दोन आहेत.

३१ ऑगस्ट

बेगिमायचा फोन आला! पाइपाच्या नमुन्यात निळे धागे. खूप. टोकाच्या नमुन्यात जवळजवळ नाहीतच.

कसं कळलं ते सगळं विचारून घेतलं. आधी औषध घालून शेवाळ, किडे जिरवतात. मग जड खारं पाणी ओततात, गाळ खाली बसतो, प्लास्टिक वर तरंगतं. वरचं गाळायचं, भिंगाखाली ठेवायचं, आणि शंका आली की तापवलेली सुई जवळ न्यायची. सुती धागा जळून राख होतो. लोकरीला केस जळाल्याचा वास येतो. प्लास्टिक मात्र आक्रसून गोळा होतं. त्यानंतर एक यंत्र आहे, ते कोणतं प्लास्टिक तेही सांगतं, पण त्याच्यासाठी रांग आहे.

"आबा, अजून पक्कं नाही. कोरं पाणी तपासायचंय. कोणाला सांगू नका हं."

दुकानात गेलो आणि सगळ्यांना सांगितलं. का सांगू नये? महिनोन्‌महिने मला वेडा म्हणत होते. तेमिरलान तिथेच सिगारेट घेत होता.

"निळे?" तो म्हणाला. "आबा, आमचे टॉवेल पांढरे. चादरी पांढऱ्या. पडदेसुद्धा पांढरे."

"मग पाहुण्यांचे कपडे! तुझ्या गाद्यांच्या खोळी! तुझी विजार!"

दुकानदारीण हसता हसता खाली बसली. त्याची विजार खरंच निळी होती. घरी येऊन दाब मोजला. भरपूर होता, पण आज तो चांगल्या कारणाने होता.

८ सप्टेंबर

तोंडात शिव्या येत आहेत त्या वहीत लिहिता येत नाहीत.

बेगिमाय स्वतः आली. चेहरा उतरलेला. म्हणाली, "आबा, नमुना बाद झाला. कोऱ्या पाण्यातही तेच निळे धागे आहेत. पाइपाच्या नमुन्याहून जास्त."

"म्हणजे काय?"

"म्हणजे ते धागे तळ्यातले नाहीत, कुठूनतरी आपल्याकडूनच पडले. कोऱ्या बरणीत जे सापडतं त्याच्यावर पुरावा उभा करता येत नाही. होडीतल्या कोऱ्या बरणीत काही नव्हतं. इथल्या बरणीत आहे. मी तर निळं काही घातलंच नव्हतं. संस्थेत मला विचारतायत, कसं काम केलंस म्हणून."

मी म्हणालो, "किती दिले त्यांनी?"

तिला आधी कळलंच नाही. मग कळलं. लाल झाली.

"कोणी, आबा?"

"विजारवाल्याने!"

उठलीच. चहा तसाच राहिला. दारापाशी बातमाने भाकरी पुढे केली, तर तिने रिवाजापुरता एक तुकडा मोडून तोंडात टाकला आणि माझ्याकडे न बघता गेली. बातमा म्हणाली, "पोटच्या पोरीसारखी मुलगी, आणि तू तिला विकाऊ म्हणतोस?" मी म्हणालो, सगळे विकाऊ आहेत. बिश्केक विकाऊ आहे. तळ्याकाठचा एकही माणूस तळ्याचा नाही.

९ सप्टेंबर

मीच पुरावा काढायचा ठरवलं. सुई माझ्याकडेही आहे.

जाळ्याला चिकटलेली पाइपाजवळची लव कात्रीने काढली. गॅसवर सुई लाल केली, जवळ नेली. आक्रसली! गोळा झाली! एकटाच ओरडलो. मग म्हटलं, बाकीचंही बघावं, म्हणजे फरक कळेल. जाळ्याचा दोरा आक्रसला. ते नायलॉन, ठीक. मॉस्कोचं जाकीट आक्रसलं. मोजे. पडदा. पाहुण्यांची रजई. बाजारातून आणलेली नमाजाची चटई आक्रसली तेव्हा सुई खाली ठेवली आणि तोबा केली. फक्त बातमाच्या आईने लोकर कुटून केलेल्या नमद्याच्या जाजमाला केस जळाल्याचा वास आला. एवढं घर, आणि त्यात वितळणार नाही असं एकच!

मग खुंटीवरचा निळा रुमाल दिसला.

दोरा ओढायचीही गरज पडली नाही. हात फिरवला तर लव बोटांना आली. सुई जवळ नेली.

आक्रसला. मग ओरडायला लागलो.

"म्हातारे! हा रुमाल तू त्या बरणीवर घातलास!"

"घातला. मग?"

"हा प्लास्टिक आहे!"

"तुझं डोकं प्लास्टिक आहे. हा रेशमी आहे. दुकानदाराने शपथ घेतली."

"बघ!" म्हणून सुई दाखवली. रुमालाला भोक पडलं. तिने भोकाकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"तिने बरणी झाकू नका म्हणून तुला सांगितलं होतं?"

"अशीच राहू द्या म्हणाली होती."

"मला सांगितलंस?"

मी गॅस बंद केला.

"सकाळी रुमाल बघून शाब्बास कोण म्हणालं? गप्प राहा म्हणून कोणी सांगितलं? आता माझा रुमाल जाळतोयस आणि वर मलाच ओरडतोयस?"

ती मागच्या अंगणात जर्दाळू पसरायला गेली. जेवण वाढलं, पण शब्द नाही.

११ सप्टेंबर

सांगावं की नाही?

सांगितलं तर तेमिरलान जन्मभर हसेल. तक्रार करणाऱ्याच्याच घरातून प्लास्टिक पडलं म्हणेल. पाइप कायमचा राहील. नाही सांगितलं तरी नमुना बाद झालेलाच आहे, आणि ती मुलगी संस्थेत हलगर्जी ठरेल. दोन्हीकडून तळं बुडालं. पण एकीकडून मुलगीही बुडते.

दुकानदाराचा राग येतो, ज्याने शपथ घेतली. रुमाल बनवणाऱ्याचा येतो. सैतानाचा येतो, ज्याने पाण्यात तोंड घालायची सवय लावून घेतली. बातमाचा यायला हवा होता, तो येत नाही. मग उरतो कोण?

दुपारी फोन केला. सगळं सांगितलं. मग विचित्र आवाज आला. मला वाटलं रडते आहे. हसत होती.

"आबा, नमुना कशाकशाने बिघडतो ते आमच्या पुस्तकात आहे. वारा लिहिलाय, कपडे लिहिलेत, होडीचा रंग लिहिलाय. सैतान कोणी लिहिला नाही."

"मी तुला जे बोललो—"

"ते लक्षात आहे माझ्या," ती म्हणाली. हसणं थांबलं होतं. "समितीसमोर हे सांगावं लागेल. तुम्ही सांगाल का?"

हो म्हणालो.

१९ सप्टेंबर

समिती शाळेच्या दालनात बसली. सगळं गाव आलं होतं, एरवी कोणी मतदानालाही येत नाही. मी उभा राहून सांगितलं. आवाज कापत होता म्हणून जास्तच मोठ्याने बोललो.

तेमिरलान टाळ्या वाजवायचाच बाकी होता. "साहेब, ऐकलंत? विज्ञान म्हणे! म्हातारीचा रुमाल! या रुमालासाठी आमचं विश्रामगृह बंद करायचं?"

लोक हसले. आमचे शेजारीही हसले, ज्यांच्या मेंढ्या त्याच पाण्यावर जातात. माझ्या डोळ्यांपुढे अंधार आला. तेवढ्यात मागून बातमा उठली. सभेत ती कधी बोललेली नाही.

"तेमिरलान, पाणी उघडं ठेवू नये, हे तुझ्या आईने तुला शिकवलं नाही का?"

तो फोनकडे बघायला लागला.

"शिकवलंच असेल. मी तिला ओळखत होते. रोज संध्याकाळी बादलीवर फळी ठेवायची. मी एक बरणी झाकली, चुकीच्या फडक्याने झाकली. तू एवढं तळं उघडं टाकून त्यात वरून तुझं धुणं ओततोस. सांग, कोणाची चूक मोठी?"

कोणी हसलं नाही. एक म्हातारी "अल्ला!" म्हणाली. समितीचे अध्यक्ष कागद चाळत राहिले, मग म्हणाले, नमुना पुन्हा घ्यावा, तोवर तक्रार उघडी राहील.

घरी येताना बातमा माझ्याशी बोलली. म्हणाली, "भोक पडलेला रुमाल मी शिवणार नाही. नवा आणायचा. सुती."

२७ सप्टेंबर

बेगिमाय आली. माझ्याशी नीट बोलते, पण पहिल्यासारखं नाही. चालेल. माझीच करणी.

पहाटे होडी काढली. पाइपापाशी गेलो तर पाइप कोरडा. थेंब नाही! वर रस्त्यावर ट्रक उभा होता आणि पोरं त्यात मळक्या चादरींची गाठोडी भरत होती. तेमिरलान गच्चीवरून हात हलवत होता.

"आबा, पाणी घ्या ना! हवं तेवढं घ्या!"

मी होडीत उभा राहून ओरडलो, काय ओरडलो ते लिहीत नाही. होडी कलली. बेगिमायने माझा चपान धरून खाली बसवलं. "न येणाऱ्या पाण्याचा नमुना मी कसा घेऊ, आबा?" तिच्याही डोळ्यांत पाणी होतं, रागाचं. तिला परत जायचं होतं. ती गेली आणि दुपारी पाइप पुन्हा वाहायला लागला, वाफेसकट.

जाण्याआधी मी तिच्याकडून एक बरणी मागून घेतली होती. आणि कशी भरायची ते शिकून घेतलं. सुती कपडे. तळ्याच्याच पाण्याने आधी विसळायची. तोंड येणाऱ्या धारेकडे. झाकण पाण्याखालीच लावायचं. चिठ्ठीवर पेन्सिलीने जागा, दिवस, आपल्या कपड्यांचा रंग. समितीच्या अध्यक्षांना तिने विचारूनही घेतलं: मी अशी भरलेली बरणी चालेल, बेगिमाय ती तपासेल.

वाहतोय हे बघून बरणी घेऊन खाली गेलो. वर कोणीतरी धावलं. मी विसळेपर्यंत पाइप बंद!

६ ऑक्टोबर

रोज जातो. सकाळी चहा घेतला की चपान घालून, बरणी मांडीवर ठेवून पाइपासमोरच्या दगडावर बसतो. पाइप कोरडा. दुपारी बातमा बसते, विणकाम घेऊन, खऱ्या लोकरीचं. पाइप कोरडा. तिसऱ्या प्रहरी काल शिक्षिकाबाई येऊन बसल्या. सभेत हसलेला शेजारीही आज सुती सदरा घालून आला आणि बरणी हातात घेतली.

तेमिरलान आला. "आबा, गारठून मराल."

"मग तुझ्या दारात मरेन. पाहुण्यांना दाखव."

"रोज ट्रकचा किती त्रास होतो आम्हाला माहीत आहे?"

"नाही. सांग ना, बसलोय."

दाब कमी झाला आहे. दवाखान्यातल्या बाई म्हणाल्या, कोणतं औषध घेता? म्हणालो, दगडावर बसतो.

१४ ऑक्टोबर

आज जेवताना बातमाने विचारलं, "तो ट्रक जातो कुठे?"

मी म्हणालो, गेला, झालं. आपल्या खाडीतून गेला ना? ती म्हणाली, "धुणं कुठेतरी धुतातच ना." मला राग आला. जिंकलेल्या माणसाला असं विचारतात का? ताट सारून उठलो. मग ट्रकवाल्यालाच गाठलं. तो म्हणाला, चोन-जारला. तिथे जुन्या गिरणीत धुलाईघर काढलंय. पाणी? पाणी तळ्यात. आणखी कुठे सोडणार?

चोन-जार आमच्याच किनाऱ्यावर आहे. पलीकडच्या टोकाला वळसा घातला की लागतं. म्हणजे बेगिमायने जिथलं पाणी स्वच्छ म्हणून भरलं होतं, त्याच्याही पुढे मी माझी घाण ढकलली आणि दगडावर बसून खूश झालो.

तिथे माझा व्याही सातकिन राहतो. नातवाच्या जेवणावळीत त्याने माझ्यासमोर मानाचं कमरेचं हाड ठेवायचं सोडून बरगडी ठेवली, तेव्हापासून मी त्याच्या उंबऱ्यावर पाय ठेवलेला नाही. ठेवणारही नव्हतो.

१७ ऑक्टोबर

पहाटे निघतो आहे. खाडीवर आज शिक्षिकाबाई बसतील. फोनवर सगळं सांगितलं, तेव्हा बेगिमायने बसबरोबर दुसरी बरणी पाठवली, कागदात गुंडाळून, आत एक चिठ्ठी: सातकिनआबांना कपडे तपासून तिथल्या पाइपासमोर बसवा.

बातमा दारात उभी राहिली. "एवढ्या वर्षांनी व्याह्याकडे जातोस आणि हातात रिकामं भांडं? थांब, जर्दाळू भरते."

म्हणालो, "हात लावू नकोस. हे रिकामंच न्यायचं आहे."